फोटोतली कापलेली फळी

मा. संपादक,

स. न. वि. वि.

गेल्या रविवारच्या पुरवणीत मँचेस्टर युनायटेडच्या जुन्या खेळाडूंचा जो फोटो तुम्ही छापलात, तो खालून कापलाय. कुणी मुद्दाम कापला असं मी म्हणत नाही. कॉलमात बसेना म्हणून कात्री लागली असेल. पण नेमकं तिथंच सगळं होतं. पुढं बसलेल्या एका दणकट गड्याच्या पुढ्यात एक फळी आहे आणि तिच्यावर त्यानं स्वतःच्या हातानं लिहिलंय, ‘आऊटकास्ट्स फुटबॉल क्लब, १९०९’. आपल्या भाषेत, वाळीत टाकलेल्यांचा फुटबॉल क्लब. फळी गेली आणि तिच्या जागी तुमची ओळ आली : ‘पैशासाठी नव्हे, खेळाच्या प्रेमापोटी खेळणारी पिढी’. अहो, ही माणसं पगारासाठी आणि युनियनसाठी भांडत होती, म्हणून तर हा फोटो निघाला!

मी शिकलेला माणूस नव्हे. कोल्हापूरच्या उद्यमनगरात एका फौंड्रीत मोल्डर म्हणून छत्तीस वर्षं काढली आणि त्यातली नऊ वर्षं तालमीच्या फुटबॉल टीममधून सेंटर हाफ खेळलो. मुलगी मँचेस्टरला असते. तिच्याकडे चार महिने होतो तेव्हा नातू मला तिथल्या गोल इमारतीच्या सेंट्रल लायब्ररीत घेऊन जायचा. तो वाचायचा आणि मराठीत सांगायचा, मी वहीत उतरवून घ्यायचो. त्या वहीतून हे लिहितोय.

फळीवाला गडी म्हणजे चार्ली रॉबर्ट्स. जन्म १८८३ चा, डार्लिंग्टनचा. बिशप ऑकलंड, मग ग्रिम्सबी टाऊन, आणि १९०४ च्या एप्रिलमध्ये अर्नेस्ट मॅंग्नल या मॅनेजरनं त्याला युनायटेडमध्ये आणला. तेव्हा युनायटेड दुसऱ्या डिव्हिजनमध्ये होती. मूळची रेल्वे कामगारांची न्यूटन हीथ नावाची टीम, दिवाळ्यात निघाली होती, १९०२ मध्ये एका बिअरवाल्या मालकानं वाचवली आणि नाव बदललं. रॉबर्ट्स कॅप्टन झाला आणि १९०८ ला त्यांनी पहिल्यांदा लीग जिंकली, १९०९ ला पहिल्यांदा एफ. ए. कप.

आमच्या पोरांना आता सेंटर हाफ म्हटलं की गोलसमोर भिंतीसारखा उभा राहणारा माणूस डोळ्यापुढं येतो. त्या काळचा सेंटर हाफ तसा नव्हता. १९२५ ला ऑफसाइडचा नियम बदलला, त्याआधी तो मैदानाच्या मधोमध राहून मागं अडवायचा आणि पुढं बॉल पुरवायचा. सगळी टीम त्याच्याभोवती फिरायची. रॉबर्ट्स त्यात इतका तरबेज होता की व्हिट्टोरियो पोझो नावाचा एक इटालियन तरुण मँचेस्टरला असताना त्याचा खेळ बघून भारावला. त्याच पोझोनं पुढं इटलीला १९३४ आणि १९३८ चे वर्ल्ड कप जिंकून दिले, तेही रॉबर्ट्सवरून शिकलेल्या सेंटर हाफच्या जोरावर. हे मला कळलं तेव्हा त्या लायब्ररीत मी जरा मोठ्यानंच ‘वा!’ म्हटलं आणि नातू लाजला.

माणूस मुळात हट्टी. फुटबॉल असोसिएशननं, म्हणजे तिथल्या फुटबॉलचा कारभार बघणाऱ्या संस्थेनं, १९०४ ला फर्मान काढलं की चड्डी गुडघ्याखाली गेलीच पाहिजे. हा गुडघ्याच्या वरच घालायचा. इंग्लंडकडून तीन मॅच खेळला, तिन्ही १९०५ च्या. युनायटेडमधून इंग्लंडकडून खेळलेला तो पहिलाच. त्यानंतर एकदाही बोलावणं आलं नाही, अगदी लीग आणि कप जिंकला त्या वर्षांतसुद्धा. युनियनचं काम अंगाशी आलं असं तिकडं मानतात. मलाही तेच पटतं.

आता पैशाचं. १९०१ पासून इंग्लंडात व्यावसायिक खेळाडूला आठवड्याला जास्तीत जास्त चार पौंड, असा नियम होता. जिंकल्याचा बोनस देणं गुन्हा. मैदानावर पन्नास हजार माणसं तिकीट काढून आली तरी चारच पौंड. वर क्लबनं नाव धरून ठेवलं तर करार संपला तरी दुसरीकडं जाता येत नसे. मँचेस्टर सिटीनं छुपे पैसे दिले ते उघडकीला आलं तेव्हा १९०६ ला सतरा खेळाडूंवर बंदी आली. त्यातला बिली मेरेडिथ युनायटेडमध्ये आला. कोळशाच्या खाणीत काम केलेला वेल्श विंगर, दातात काडी धरून खेळायचा. १९०७ च्या एप्रिलमध्ये युनायटेडच्याच राखीव टीमचा ब्लॅकस्टॉक नावाचा पोरगा बॉलला डोकं लावून कोसळला आणि मेला. चौकशीत ‘नैसर्गिक मृत्यू’ ठरला, घरच्यांना दमडी मिळाली नाही. त्याच वर्षी डिसेंबरात मँचेस्टरच्या इंपीरियल हॉटेलात मेरेडिथच्या अध्यक्षतेखाली खेळाडूंची युनियन उभी राहिली. रॉबर्ट्स पहिल्यापासून पुढं.

युनियनचं म्हणणं, कामगारांना जखमी झाल्यावर कायद्यानं भरपाई मिळते तशी आम्हालाही मिळावी. असोसिएशनचं म्हणणं, आमच्या परवानगीवाचून कोर्टात जायचं नाही. त्यात युनियननं कामगार संघटनांच्या महासंघात जायचं ठरवलं. झालं, १९०९ च्या उन्हाळ्यात हुकूम निघाला की १ जुलैच्या आत युनियन सोडल्याचं लिहून द्या, नाहीतर निलंबन. क्लबामागून क्लबाचे खेळाडू वाकले. युनायटेडचे वाकले नाहीत. दोन महिन्यांपूर्वी कप जिंकलेल्या टीमचा पगार बंद झाला आणि स्वतःच्या मैदानाचं दार लागलं. मग ते फॅलोफील्डला जाऊन सराव करू लागले. मी १४२ नंबरच्या बसनं तिथं जाऊन आलो. आता तिथं सगळी कॉलेजची पोरं राहतात, विचारलं तर कुणाला काही ठाऊक नाही.

रॉबर्ट्सनं पुढं आठवणी लिहिल्या, त्यातला एक प्रसंग नातवानं मला तीनदा वाचून दाखवला. हे सगळे क्लबच्या ऑफिसात पगार मागायला गेले. पैसे नाहीत असं उत्तर मिळालं. मग काहीतरी उचलावंच लागेल म्हणत एकानं भिंतीवरचा आरसा काढला, बाकीच्यांनी तसबिरी आणि हाताला लागेल ते. काखेत तसबिरी मारून इंग्लंडचे कपविजेते रांगेनं बाहेर पडतायत, आणि ऑफिसातलं पोरगं मॅनेजर यायच्या आत काय करू म्हणून रडकुंडीला आलंय! शेवटी रॉबर्ट्सनंच त्याला, थट्टा केलीय रे, म्हणून समजावलं आणि सगळं परत मिळवून दिलं. तसं त्याचं स्वतःचं नुकसान सगळ्यात मोठं होणार होतं. त्याचा बेनिफिट, म्हणजे जुन्या खेळाडूला क्लबकडून एकरकमी मिळणारे पैसे, त्या वेळी देय होता, पाचशे पौंडांची हमी होती. चार पौंडांनी भागा, म्हणजे सव्वाशे आठवड्यांचा, दोन वर्षांच्या वर पगार. ते पाण्यात जाण्याची भीती डोक्यावर असताना फोटोवाला आला तेव्हा यानं लाकडाची फळी शोधली आणि लिहायला बसला. दुसऱ्या दिवशी फोटो पेपरात पहिल्या पानावर. त्या पेपरानं फळी कापली नव्हती.

सीझन १ सप्टेंबरला सुरू व्हायचा, आदल्या दिवशी तडजोड झाली. युनियनला मान्यता मिळाली, निलंबन उठलं. मात्र महासंघ पुढं सोडावा लागला आणि पगाराची मर्यादाही राहिलीच. ती जायला १९६१ साल उजाडलं. रॉबर्ट्सला त्यातलं काही मिळालं नाही. १९११ ला आणखी एक लीग जिंकून १९१३ ला तो ओल्डहॅमला गेला. तिथंही कॅप्टन, आणि १९१५ ला ओल्डहॅमची लीग एका गुणानं हुकली. नंतर तंबाखूचं दुकान काढलं. तिथं एका सिगारेटचं नाव ‘डुक्रोबेल’ होतं, डकवर्थ, रॉबर्ट्स आणि बेल या युनायटेडच्या तीन हाफबॅकच्या, म्हणजे मधल्या फळीतल्या खेळाडूंच्या, नावांची मोळी. १९३९ ला वारला.

तुमच्या लेखकानं शेवटी शाहू स्टेडियमवर खेळणाऱ्या पोरांनाही टोला मारलाय की हल्ली मॅचचे पैसे आधी ठरवतात. ठरवू देत की. १९७८ ला माझा उजवा गुडघा निखळला, फायनलला. खांद्यावर घेऊन मिरवला मला, हार-नारळ दिला. मग हाडवैद्याकडं दीड महिना. फौंड्रीत हजेरी नाही म्हणून पगार नाही, बायकोनं पाटल्या मोडल्या. तालमीवर माझा राग नाही, तिच्याकडंही काही नव्हतं. आजही सीझन सुरू झाला की मी गॅलरीत असतो, जिने चढताना गुडघा वाजतो. पण तेव्हा माझ्या खेळाच्या प्रेमाबद्दल कुणी शंका काढली नव्हती आणि पैसे मागितले असते तरी ते प्रेम तेवढंच राहिलं असतं.

एवढंच करा, तो फोटो पुन्हा छापा, पूर्ण, फळीसकट. आणि खाली नावं देणार असाल तर टिम कोलमनचं विसरू नका. तो युनायटेडचा नव्हे, एव्हर्टनचा. त्याच्या क्लबातले बाकीचे मागं हटले, तेव्हा हा एकटा येऊन यांच्यात उभा राहिला.

आपला,
एक जुना सेंटर हाफ
शिवाजी पेठ, कोल्हापूर