इंजिनाचे वय नुसत्या किलोमीटरवर मोजू नका

संपादक महोदय,

स. न. वि. वि.

जुन्या गाड्यांच्या जाहिरातींत ‘कमी चाललेली गाडी’ हे शब्द हमखास असतात. मीटरवरचा आकडा लहान म्हणजे इंजिन ताजे, असे वाचणारा धरून चालतो. छोट्या पेट्रोल गाड्यांच्या बाबतीत हा समज पुष्कळदा उलटा पडतो. रोज सलग तीस-चाळीस किलोमीटर धावणाऱ्या आणि वेळेवर ऑइल बदललेल्या गाडीचे इंजिन लाखभर किलोमीटरनंतरही आतून स्वच्छ निघते. दोन किलोमीटरवर जाऊन थांबणाऱ्या आणि मग चार दिवस उभ्या राहणाऱ्या गाडीत मात्र पंचवीस-तीस हजारांतच टॅपेट कव्हरखाली (इंजिनाच्या वरच्या झाकणाखाली) काळा, चिकट गाळ साठलेला सापडू शकतो.

याचे कारण समजून घेतले तर निगेचे अर्धे नियम आपोआप कळतात. एक लिटर पेट्रोल जळते तेव्हा सुमारे एक लिटर पाणी तयार होते. इंजिन गरम असेल तर ते वाफ होऊन सायलेन्सरमधून बाहेर पडते. इंजिन थंड असताना त्यातला काही भाग न जळलेल्या पेट्रोलसह पिस्टनभोवतीच्या कड्यांच्या (रिंगांच्या) फटीतून खाली ऑइलमध्ये उतरतो. थंड इंजिन नीट चालावे म्हणून इंजिनाचा कॉम्प्युटर मुद्दाम जास्त पेट्रोल सोडतो, त्यामुळे सुरुवातीची काही मिनिटे ऑइलच्या दृष्टीने सर्वांत वाईट. पुढे ऑइल पुरेसे तापले तर पाणी आणि पेट्रोलचा बराच भाग वाफ होऊन निघून जातो. पण डॅशबोर्डवरचा तापमानाचा काटा मध्यावर आला म्हणजे ऑइल तापले असे नाही. काटा कूलंटचे (इंजिन थंड ठेवणाऱ्या द्रवाचे) तापमान दाखवतो आणि ऑइल त्याच्या बरेच मागे असते. त्याला पंधरा-वीस मिनिटांची सलग धाव लागते.

म्हणून उभ्या गाडीचे इंजिन रोज पाच मिनिटे जागच्या जागी चालू ठेवण्याची सवय उपयोगाची नाही. त्यात ऑइल तापत नाही, स्टार्टरने खर्च केलेली बॅटरी पुरती भरत नाही आणि सायलेन्सरमध्ये पाणी साठून तो आतून गंजतो. त्यापेक्षा आठवड्यातून एकदा वीस-पंचवीस किलोमीटर सलग चालवावी. सकाळी सुरू केल्यावरही दहा मिनिटे उभे राहू नये. अर्ध्या मिनिटात निघावे आणि काटा वर येईपर्यंत अडीच-तीन हजार आरपीएमच्या (मिनिटाला फेऱ्यांच्या) आत, हलक्या पायाने चालवावे.

ऑइलची पातळी दाखवणारी पट्टी (डिपस्टिक) दर पंधरा दिवसांनी पाहावी, आणि नीट पाहावी. गाडी सपाट जागी, इंजिन गरम करून बंद केलेले, मध्ये पाच ते दहा मिनिटे गेलेली. पट्टी काढून पुसायची, पुन्हा पूर्ण आत घालायची आणि मगच वाचायची. वरच्या-खालच्या खुणांमधले अंतर बहुतेक छोट्या इंजिनांत एक लिटर किंवा त्याहून थोडे कमी असते. एकूण ऑइलच जेमतेम तीन-साडेतीन लिटर, त्यामुळे पातळी खालच्या खुणेवर आली म्हणजे जवळजवळ पाव ते एक तृतीयांश ऑइल गेलेले असते. अशा वेळी जोरात वळण घेतले की ऑइल एका बाजूला सरकते, पंपाची जाळी उघडी पडते आणि बेअरिंगना (फिरत्या भागांच्या आधारांना) क्षणभर कोरडे फिरावे लागते.

पातळी घटली तर लोकांच्या लक्षात येते, पण वाढली तर कोणी काळजी करत नाही. वर न भरताही पातळी चढली असेल आणि पट्टीला पेट्रोलचा वास येत असेल, तर ऑइलमध्ये पेट्रोल मिसळते आहे आणि ते पातळ झाले आहे. फार थोड्या अंतराच्या फेऱ्या हे त्याचे नेहमीचे कारण. मिसिंग मारणारा, म्हणजे मध्येच न पेटणारा सिलिंडर किंवा गळणारा इंजेक्टर (पेट्रोल फवारणारा भाग) हे दुसरे. असे ऑइल लगेच बदलावे, किलोमीटर पाहत बसू नये.

आणखी एक गोष्ट स्पष्ट सांगायला हवी. डॅशबोर्डवरचा लाल ऑइल दिवा बहुतेक गाड्यांत पातळीचा नसून दाबाचा असतो. तो पेटतो तेव्हा ‘ऑइल भरायची वेळ झाली’ असा त्याचा अर्थ नसतो. बेअरिंगना ऑइल पोचत नाही, असा असतो. ‘पुढच्या गॅरेजपर्यंत नेतो’ म्हणून काढलेले दोन किलोमीटर क्रँकशाफ्ट (इंजिनाचा मुख्य दांडा) घासायला पुरेसे आहेत. बाजूला घेऊन तिथेच इंजिन बंद करायचे.

ऑइल बदलण्याची मुदत पुस्तिकेत सहसा १०,००० किलोमीटर किंवा एक वर्ष, यांपैकी आधी येईल ती, अशी असते. हे ‘किंवा’ वाचले जात नाही. त्याच पुस्तिकेत मागे ‘खडतर वापर’ म्हणून वेगळे कोष्टक असते; लहान फेऱ्या, कोंडीत तासन्‌तास आयडलिंग (उभ्या गाडीत इंजिन चालू), धूळ हे सगळे त्यात येते आणि मुदत साधारण निम्मी होते. शहरातल्या बहुतेक गाड्या या कोष्टकातल्या आहेत, म्हणून पाच हजार किलोमीटर किंवा सहा महिने हाच हिशेब धरावा. ऑइलची ग्रेड (जाडीचा दर्जा) पुस्तिकेत असेल तीच. ० डब्ल्यू-२० साठी बनवलेल्या इंजिनात ‘जाड म्हणजे चांगले’ म्हणून २० डब्ल्यू-५० घातले तर थंड इंजिनात ते झडपा (वॉल्व्ह) उघडणाऱ्या वरच्या कॅमशाफ्टपर्यंत उशिरा पोचते. फिल्टर दर वेळी नवा, त्याच्या रबरी कडेला ऑइलचे बोट, आणि कडा टेकल्यावर हातानेच सुमारे पाऊण फेरा. पाना लावून आवळला की रबर पिळवटते आणि पुढच्या वेळी फिल्टर निघत नाही. ड्रेन बोल्टचा वॉशरही दर वेळी नवा असावा.

कूलंटकडे तर ऑइलपेक्षाही कमी लक्ष जाते. रेडिएटरचे टोपण सुमारे १ बार दाब धरते, आणि त्या दाबाखाली साधे पाणीसुद्धा १२० अंश सेल्सिअसपर्यंत उकळत नाही. टोपणाचे रबर कडक झाले की हे संरक्षण संपते आणि सगळे ठीक असूनही चढावर गाडी ‘हीट’ मारते. कूलंट आणि डिस्टिल्ड वॉटर निम्मे-निम्मे हे प्रमाण सर्वसाधारणपणे योग्य. नळाच्या पाण्यातले क्षार रेडिएटरच्या बारीक नळ्यांत बसतात, आणि गंजरोधक नसल्याने ॲल्युमिनियमचे हेड (इंजिनाचा वरचा भाग) व वॉटर पंपाची पाती आतून झिजतात. रंग पाहून कूलंट मिसळू नये. रंग हे प्रमाण नाही, एकाच रंगाची दोन कूलंट वेगळ्या रसायनांची असू शकतात.

अनेक छोट्या गाड्यांत आता तापमानाचा काटाच नसतो, फक्त निळा आणि लाल दिवा असतो. कूलंट गळून गेले आणि सेन्सर कोरडा पडला तर लाल दिवा वेळेवर पेटेल याचीही खात्री नाही. म्हणून कूलंटच्या रिझर्व्ह टाकीतली पातळी आठवड्यातून एकदा, इंजिन थंड असताना, डोळ्यांनी पाहणे हाच खरा उपाय. गाडी तापलीच तर एसी बंद, हीटर आणि ब्लोअर पूर्ण चालू, आणि लगेच बाजूला. लाल दिवा पेटला असेल तर इंजिन बंद. टोपण गरम असताना उघडायचे नाही आणि तापलेल्या इंजिनावर गार पाणी ओतायचे नाही. ॲल्युमिनियमचे हेड एकदाच जास्त तापून वाकते. हेडवर सरळ स्टीलची पट्टी ठेवून फीलर गेजने (फट मोजायच्या पातळ पत्र्यांनी) मोजताना ०.०५ मिलिमीटरहून जास्त फट दिसली तर बहुतेक इंजिनांत फेसिंग (हेडचा पृष्ठभाग घासून सपाट करणे) करावे लागते. ते न करता नुसती हेड गॅस्केट (हेडखालचे सील) बदलली की काही महिन्यांत तोच खर्च पुन्हा येतो.

हीटिंगवर काही गॅरेजांत एक सोपा इलाज होतो : थर्मोस्टॅट काढून टाकणे. याला माझा ठाम विरोध आहे. थर्मोस्टॅट साधारण ८२ ते ८८ अंशांना उघडतो आणि तोपर्यंत पाणी इंजिनातच फिरवून ते लवकर तापवतो. तो काढला की इंजिन तापायला फार वेळ लागतो, कॉम्प्युटर ‘अजून थंडच आहे’ असे समजून जास्त पेट्रोल देत राहतो, ॲव्हरेज पडते, प्लग काळे होतात आणि वर सांगितलेला ऑइलचा बिघाड कायमचा होतो. मूळ दोष मात्र तसाच राहतो. तो बहुधा तुंबलेला रेडिएटर, बंद पडलेला पंखा किंवा त्याचा रिले, नाहीतर कूलंट भरताना आत राहिलेली हवा, यांपैकी एक असतो. हवा काढायला हीटर पूर्ण गरमवर ठेवून, टोपण उघडे ठेवून, थंड इंजिन सुरू करावे आणि वरचा पाइप गरम होऊन बुडबुडे थांबेपर्यंत पातळी भरत राहावे.

ऑइलच्या झाकणाखाली पांढरट साय दिसली की हेड गॅस्केट गेली, असा निकाल लगेच दिला जातो. घाई करू नये. थोड्या अंतराच्या फेऱ्यांतली ओलसुद्धा तशीच दिसते. झाकण पुसून अर्धा-पाऊण तास सलग चालवावे आणि पुन्हा पाहावे. पट्टीवरचे ऑइलही दुधट असेल, बाहेर कुठे गळती नसताना कूलंट कमी होत असेल, सुरू करताच रेडिएटरमध्ये बुडबुडे येत असतील, तरच हेड उघडण्याचा विचार करावा.

टायमिंग बेल्टलाही (क्रँकशाफ्टवरून कॅमशाफ्ट फिरवणाऱ्या रबरी पट्ट्यालाही) किलोमीटरबरोबर वर्षांची मुदत असते, कारण रबर उभ्या गाडीतही जुने होते. बहुतेक आधुनिक इंजिनांत बेल्ट तुटला की वर येणारा पिस्टन उघड्या वॉल्व्हवर आपटतो आणि वॉल्व्ह वाकतात. बेल्टबरोबर टेन्शनर (बेल्ट ताणून धरणारा भाग), आयडलर (बेल्टला वाट देणारे चाक) आणि बेल्टवरच चालणारा वॉटर पंप असेल तर तोही बदलावा. मजुरी एकदाच पडते. काही तीन सिलिंडरच्या इंजिनांत हा बेल्ट ऑइलमध्येच फिरतो. तिथे चुकीचे किंवा पेट्रोलने पातळ झालेले ऑइल बेल्ट कुजवते, त्याचे कण पंपाच्या जाळीत अडकतात आणि दाब पडतो. बेल्टऐवजी चेन असलेल्यांनीही निर्धास्त राहू नये. तिचा टेन्शनर ऑइलच्या दाबावर चालतो. थंड इंजिन सुरू करताच दोन-तीन सेकंद खडखड होत असेल तर चेन लांबली आहे किंवा टेन्शनर अडकतो आहे.

मिसिंगचे निदान सोपे असते, तरी काही गॅरेजवाले चारही कॉइल (प्लगला ठिणगीसाठी वीज देणारे भाग) आणि इंजेक्टर बदलून मोकळे होतात. स्कॅनरवर (कॉम्प्युटरमधले दोषाचे कोड वाचणाऱ्या यंत्रावर) पी ०३०१ म्हणजे पहिला सिलिंडर, पी ०३०२ म्हणजे दुसरा. त्या सिलिंडरची कॉइल शेजारच्यावर लावावी. कोडही तिकडे सरकला तर कॉइल खराब. नाही सरकला तर प्लगची अदलाबदल, मग इंजेक्टर, मग कॉम्प्रेशन (सिलिंडरमधला दाब). इंजिनाचा चेक लाइट लुकलुकत असेल तर ॲक्सिलरेटर सोडून हळू घ्यावे, कारण न जळलेले पेट्रोल कॅटॅलिटिक कन्व्हर्टरमध्ये (धूर स्वच्छ करणाऱ्या भागात) जळून तो वितळवते. प्लग नेहमी थंड इंजिनावर काढावेत; गरम ॲल्युमिनियमचे आटे प्लगबरोबर निघून येतात. आयडलिंग वर-खाली होणे हे बहुधा थ्रॉटल बॉडीतल्या (इंजिनात हवा सोडणाऱ्या भागातल्या) काजळीमुळे किंवा फाटलेल्या व्हॅक्यूम पाइपमुळे. इलेक्ट्रॉनिक थ्रॉटलची चकती बोटाने ढकलू नये, आणि साफ केल्यावर स्कॅनरने आयडल पुन्हा शिकवून घ्यावे.

हायड्रॉलिक (ऑइलच्या दाबाने फट आपोआप भरणारे) नसलेल्या टॅपेटची, म्हणजे वॉल्व्ह ढकलणाऱ्या भागाची, फट थंड इंजिनावर मोजतात. ती वाढली की आवाज येतो, म्हणून मालक गॅरेजमध्ये जातो. कमी झाली की आवाज थांबतो, आणि धोका तिथेच आहे : एक्झॉस्ट वॉल्व्ह पूर्ण बसत नाही, त्याची उष्णता सीटकडे (वॉल्व्ह टेकतो त्या कडीकडे) जात नाही आणि त्याची कडा जळते. गॅसवर चालणाऱ्या गाड्यांत हे लवकर होते.

‘कमी चाललेली’ गाडी घेणाऱ्याने मीटरआधी ऑइलचे झाकण उघडून आत टॉर्च मारावी. रंग तपकिरी, धातू स्वच्छ असेल तर ठीक. डांबरासारखा थर असेल तर पुढे बोलू नये. इंजिन पूर्ण थंड असताना स्वतः सुरू करून पाहावे. विकणाऱ्याने ते आधीच गरम करून ठेवले असेल तर दुसऱ्या दिवशी जावे, कारण चेनची खडखड आणि झिजलेल्या वॉल्व्ह सीलमुळे येणारा पहिला निळा धूर थंड इंजिनावरच दिसतो. धूर ॲक्सिलरेटर दाबताना सतत येत असेल तर संशय रिंगांवर. मग कॉम्प्रेशन मोजावे. सर्व सिलिंडरचे आकडे एकमेकांच्या जवळ, साधारण १ बारच्या फरकात असावेत. कमी निघालेल्यात चमचाभर ऑइल टाकून पुन्हा मोजावे : आकडा चढला तर रिंगा, नाही चढला तर वॉल्व्ह किंवा गॅस्केट.

आपल्याला एक विनंती आहे. वृत्तपत्रांत नव्या गाड्यांची परीक्षणे येतात, त्यांत स्क्रीनचा आकार आणि रंग असतात. त्याच चौकटीत इंजिनात बेल्ट आहे की चेन, बेल्ट असल्यास तो कोरडा की ऑइलमधला आणि किती वर्षांनी बदलायचा, ऑइलची ग्रेड व लिटर, खडतर वापरातली ऑइलची मुदत, आणि तापमानाचा काटा आहे की नुसता दिवा, एवढी माहिती छापावी. यातली बरीचशी गाडीच्या पुस्तिकेत असते. घेणाऱ्याला मात्र पैसे भरल्यावरच हाती पडते.

आपला,
एक मोटार मेकॅनिक