यंदाचं शिंपण

डेन्व्हर, रविवार

ती. बाबा आणि आईस,
सा. न.

बाबा, आधी रागावून घ्या, मग पुढचं वाचा. ठिबकवाल्याला पैसे मी पाठवून झालेत. बुधवारी बंड्या त्याला घेऊन वाडीत येईल. आधी विचारलं असतं तर तुम्ही ‘बघू पावसानंतर’ म्हणाला असतात, आणि पावसानंतर शिंपणाचं कोण बघतं?

विहिरीपाशी तुम्हाला चक्कर आली हे मला बंड्याकडून कळलं. (आई, तुझ्याशी मी वेगळी भांडणार आहे.) पहाटे वीज असते म्हणून पाचला उठायचं, काखेत बॅटरी धरून फावड्याने पाट वळवायचा, एकेका पोफळीचं आळं भरेपर्यंत चिखलात उभं राहायचं, हे आता नको. मी वाडी द्यायला सांगत नाहीये. काकांच्या वेळचं ते बोलणं मुळीच उकरत नाहीये. विहीर तीच, पाणी तेच, फक्त तुमचे पाय चिखलात नकोत. नळ्या खारी कुरतडतील म्हणाल. कुरतडू देत, जोडायला बंड्या आहे. फिल्टरची जाळीही तोच धुवेल, त्याच्याशी बोलणं झालंय.

हसू नका, शिंपण मीही करते. इथे, भर थंडीत. अंगणात गेल्या वर्षी एक मेपल आणि एक क्रॅबॲपल लावलंय. फळ नावाला, लावतात ते फुलांसाठी. झाडावर पान नाही तर पाणी कशाला, असं मलाही वाटायचं. पण इथे वर्षभराचा पाऊस आणि बर्फ मिळून पंधरा इंचांच्या आतबाहेर; आपल्याकडे एका जुलैत याच्या दुप्पट कोसळतो. हवा कोरडी ठणठणीत, बर्फ टिकत नाही, मग उघड्या जमिनीत मुळं सुकतात. म्हणून ऑक्टोबर ते मार्च, महिन्यातून एकदोनदा पाणी. हवा चार अंशांच्या वर हवी, जमिनीवर बर्फ नको, आणि द्यायचं दुपारी, म्हणजे रात्री गोठायच्या आत मुरतं. बुंध्याच्या जाडीच्या दर इंचाला दहा गॅलन. माझी मेपल दोन इंची, म्हणजे आपल्या पाच बादल्या. बुंध्यावर ओतायचं नाही, फांद्यांच्या घेराखाली सावकाश सोडायचं.

‘कलमाच्या पायावर ओतू नकोस गो, त्याचं तोंड लांब आहे’, असं म्हणून तुम्ही माझ्या हातातला तांब्या काढून घेतला होतात. मी आळ्यात फतकल मारून रडले होते, आणि मग तुम्ही मला तशीच चिखलाची, खांद्यावर बसवून समुद्रावर नेलंत. आई दारात ओरडत होती. दर वेळी पाइप सरकवताना ते तोंड आठवतं.

पाणी देऊन झालं की पाइप नळावरून सोडवायचा असतो. गेल्या हिवाळ्यात विसरले. आत अडकलेलं पाणी गोठलं, भिंतीतली नळी फुटली, तळघरात घोटाभर पाणी. तुम्हाला सांगितलं नव्हतं. तेव्हा लपवण्यात आपण तिघंही सारखीच.

नर्सरीतल्या बाईंनी सांगितलेली एक गोष्ट मात्र डोक्यातून जात नाही. थंडीत मुळं सुकलेलं झाड वसंतात काही कळू देत नाही. साठवलेल्या अन्नावर पालवी फुटते, फुलतंसुद्धा. ऊन तापलं की मग मान टाकतं. मी झाडाबद्दलच लिहितेय, बाबा. पण ‘ठणठणीत आहे’ हे मला फोनवर ऐकायचं नाहीये, डॉक्टरांच्या कागदावर वाचायचंय.

तर सोमवारी बंड्याच्या रिक्षाने चिपळूणला. ईसीजी, साखर, सगळं. आई, तू बरोबर जा, डॉक्टर आत काय सांगतात ते बाबा बाहेर येऊन बदलतात. बीपीची गोळी चहाबरोबर, ‘नंतर घेतो’ नाही. विहिरीकडे जाताना चप्पल. शेवाळ बंड्या घासणार आहे. आणि आई, बंब पेटवत बसू नकोस, गिझर शोभेला घेतलेला नाही.

शिमग्याला येते म्हटलं होतं, ते जमत नाही. रजा मेमध्ये मिळालीय, तीन आठवडे. पालखी चुकेल, आंबे चुकणार नाहीत, असं मी माझं समाधान करून घेतलंय. तुम्हीही करून घ्या.

अजून एक. समुद्राकडच्या शेवटच्या ओळीतल्या सहा पोफळींना नळी घालू नको असं ठिबकवाल्याला सांगितलंय. त्यांचा पाट राहू दे. पाणी खळखळत आळ्यात शिरलेलं ऐकू आलं नाही तर तुम्हाला झाडाला पाणी दिल्यासारखं वाटत नाही, ठाऊक आहे मला. सकाळी आठनंतर, आईला सांगून, आणि सहाच.

थर्मामीटर पाचावर आलाय. पाइप लावायला जाते.

तुमची,
मनू