शॅम्पेनचे श्रेय एकट्या भिक्षूला नको

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीतील शॅम्पेनवरचा लेख वाचला. फ्रान्समधील ओव्हिलेच्या मठातील दॉम पेरिन्याँ या भिक्षूने शॅम्पेनचा शोध लावला, ही दर थर्टीफर्स्टला वाचायला मिळणारी कथा त्यातही आहे. पेरिन्याँ हे मठाच्या तळघराचे कारभारी. द्राक्षांची पारख आणि वाइनचे मिश्रण यांत वाकबगार. पण वाइनला बुडबुडे येणे हा तेव्हा दोष होता आणि तो टाळण्याचीच त्यांची खटपट चाले. साखर घालून वाइन फेसाळ करण्याची माहिती क्रिस्टोफर मेरेट या इंग्रज शास्त्रज्ञाने लंडनच्या रॉयल सोसायटी या विज्ञानसंस्थेपुढे १६६२ मध्येच ठेवली होती. पेरिन्याँ ओव्हिलेला आले १६६८ मध्ये!

लेखात जिचा साधा उल्लेखही नाही ती शॅम्पेनची व्यापारी बार्ब-निकोल क्लिको. जन्म १७७७, फ्रान्समधील रँस शहरात, कापडाच्या धंद्यातील सधन घरात. १८०५ मध्ये नवरा गेला तेव्हा वय २७, पदरी लहान मुलगी. सासरे घरचा वाइनचा धंदा गुंडाळायच्या बेतात होते. सुनेने त्यांचे मन वळवले. त्या काळच्या कायद्याने लग्न झालेल्या बाईला नवऱ्याच्या संमतीशिवाय व्यापार करता येत नसे, विधवेला मात्र येई. भागीदारीतली पहिली चार वर्षे वाया गेली, तरी १८१० पासून बाईंनी स्वतःच्या नावावर धंदा सुरू केला. १८१४ मध्ये नेपोलियन पडला, रशियाची बाजारपेठ अजून नीट उघडलीही नव्हती, तोच दहा हजारांवर बाटल्या त्यांनी गुपचूप जहाजाने रवाना केल्या. प्रतिस्पर्धी जागे होईतो माल विकला गेला होता.

तरीही त्यांचे मोठे काम तळघरातले. शॅम्पेनचा दुसरा आंबव बाटलीतच होतो. त्यातून वायू तयार होतो आणि मेलेल्या यीस्टचा गाळही उरतो. तो काढायला वाइन एका बाटलीतून दुसरीत ओतली, की फेस निम्मा उडालाच. क्लिकोबाईंनी भोके पाडलेल्या टेबलात बाटल्या मान खाली करून खोचल्या आणि रोज थोड्या थोड्या फिरवायला लावल्या. हे टेबल स्वयंपाकघरातले होते असे सांगतात. काही आठवड्यांत गाळ बुचापाशी जमे. बूच काढले की आतला दाबच तो बाहेर फेकी, आणि वाइन नितळ राही. हे साल १८१६ चे. नाशिककडे पारंपरिक पद्धतीने स्पार्कलिंग वाइन करतात तेव्हाही गाळ बुचापाशी आणण्याची ही पायरी चुकत नाही, फक्त बाटल्या फिरवायला आता बहुधा यंत्रे असतात. वायनरी पाहायला येणाऱ्यांना तिथेही भिक्षूचीच गोष्ट ऐकवली जाते, हे मी कानांनी ऐकले आहे.

मात्र सगळेच बाईंनी एकटीने केले, असेही नाही. टेबलाची युक्ती सुधारून घेतली ती त्यांचे तळघरप्रमुख आंत्वान म्युलर यांनी, रशियाची मोहीम तडीस नेली लुई बोन या फिरत्या विक्रेत्याने, आणि पुढे पेढी बुडण्याची वेळ आली तेव्हा एदुआर वेर्ले पाठीशी उभे राहिले. खुलासा छापणार असाल तर या तिघांनाही एखादी ओळ द्यावी. भिक्षूची दंतकथा काढून तिथे बाईंची बसवायची असेल, तर पहिलीच राहू द्या.

आपला,
एक नियमित वाचक, नाशिक