बिशप कॉल्डवेल यांना, एका ‘आपण’साठी

आदरणीय बिशप रॉबर्ट कॉल्डवेल यांस,
सा. न. वि. वि.

तुम्हाला जाऊन सव्वाशेहून जास्त वर्षं झाली. तरी हे पत्र तुमच्याच नावाने लिहिते आहे, कारण परक्या गावात माझी अडलेली वाट तुमच्या पुस्तकाने मोकळी केली. ते ऋण मनात ठेवून गप्प बसणं मला जमत नाही.

मी चंद्रपूरची. बँकेत बदली होऊन तिरुनेलवेलीला आले, तेव्हा तमिळचं अक्षरही येत नव्हतं. शेजारच्या आक्का फार मायाळू. एका शुक्रवारी संध्याकाळी त्या मुलींना घेऊन निघाल्या आणि माझ्या दारात थांबून म्हणाल्या, “नांग कोयिलुक्कु पोरोम.” कोयिल म्हणजे देऊळ, एवढं कळत होतं. मला वाटलं, चल म्हणताहेत. मी चपला घातल्या, कुलूप लावलं आणि त्यांच्यामागे जाऊन उभी राहिले. त्या जरा गोंधळल्या, मग हसून मला घेऊन गेल्या. पण काहीतरी चुकलं हे रस्ताभर टोचत होतं. काय चुकलं, ते एकमेकींना सांगायला आम्हा दोघींकडे भाषाच नव्हती.

ते तुम्ही सांगितलंत. आमच्या शाखेत पेन्शनसाठी येणाऱ्या एका निवृत्त तमिळ शिक्षकांनी तुमच्या द्राविडी भाषांच्या तौलनिक व्याकरणाची जुनी प्रत मला वाचायला दिली. सर्वनामांच्या प्रकरणात त्यांनी पेन्सिलीने एक रेघ मारून ठेवली होती. प्रथमपुरुषी अनेकवचनाची दोन रूपं, एकात ऐकणारा धरलेला, एकात वगळलेला. तमिळमध्ये ‘नाम’ आणि ‘नांगळ’, बोलताना ‘नांग’. वाचता वाचता मी थबकलेच. अहो, हे तर आमचं ‘आपण’ आणि ‘आम्ही’! आक्का म्हणाल्या होत्या, “आम्ही देवळात जातोय.” निरोप घेत होत्या बिचाऱ्या. तुमच्या इंग्रजीत दोन्हींना एकच शब्द, हिंदीचंही एका ‘हम’वर भागतं, पण मराठी माणसाला हा भेद आईच्या दुधातून मिळालेला असतो. मराठीत आणि गुजरातीत तो द्राविडी भाषांच्या जुन्या शेजारातून आला असावा, असं पुष्कळ भाषातज्ज्ञ मानतात.

त्या दिवसापासून तमिळ मला परकी राहिली नाही. “पाऊस येणार म्हणून छत्री घेतली” हे आमचं वाक्य शब्दाला शब्द ठेवून तमिळमध्ये म्हणता येतं: “मळै वरुम्नु कुडै एडुत्तेन.” ‘वरुम्नु’मधला शेवटचा ‘नु’ म्हणजे आपला ‘म्हणून’च, तोही ‘म्हणणे’ या अर्थाच्या धातूपासून आलेला. हे सापडलं तेव्हा मी ऑफिसात एकटीच हसत बसले होते.

मग तुमच्याबद्दल मिळेल ते वाचलं. १८१४ साली आयर्लंडमधल्या अँट्रिममध्ये जन्म, ग्लासगोत शिक्षण, तेविसाव्या वर्षी मद्रास. तीनेक वर्षांनी तुम्ही अँग्लिकन दीक्षा घेतलीत आणि मद्रासहून तिरुनेलवेलीला आलात ते पायी, वाटेतली गावं आणि बोली ऐकत. आज आगगाडीने एक रात्र लागते, तरी आम्ही कुरकुरतो. १८५६ साली व्याकरण आलं. तमिळ, तेलुगू, कन्नड या संस्कृतच्या लेकी नव्हेत, त्यांचं कूळ वेगळं, हे मद्रासमधले इंग्रज अधिकारी फ्रान्सिस एलिस यांनी १८१६ सालीच मांडलं होतं. पण त्याला एवढा भक्कम पुराव्याचा पाया तुम्ही घातलात, आणि त्या कुळाचं ‘द्राविडी’ हे नाव तुमच्यामुळे रूढ झालं.

चंद्रपूरकर म्हणून आणखी एक आभार. त्या कुळात तुम्ही गोंडीलाही जागा दिलीत. आमच्या बाजारात मोहाची फुलं विकणाऱ्या बाया आपसात गोंडी बोलायच्या आणि आम्ही शाळकरी मुलं तिला ‘जंगली भाषा’ म्हणायचो. तुमच्या तक्त्यात ती तमिळची नातलग म्हणून दिसली तेव्हा लाजेने मान खाली गेली.

एक गोष्ट लपवणार नाही. १८४९ साली इथल्या शाणार, म्हणजे आजच्या नाडार समाजाबद्दल तुम्ही जे लिहिलंत, त्याने ती माणसं दुखावली आणि पुढे त्यांनी त्याविरुद्ध आवाजही उठवला. त्यांचा राग रास्त होता. ज्यांच्यात आयुष्य काढायचं, त्यांच्याविषयी असं लिहायला नको होतं. हे मनात ठेवूनच मी तुमचे आभार मानते आहे.

गेल्या वर्षी इडैयनकुडीला, तुम्ही वसतीला होतात त्या गावी, जाऊन आले. लाल वाळूच्या टेकड्या आणि ताडांच्या रांगा. तुम्ही आखलेले सरळ रस्ते अजून तसेच आहेत. चर्चचं बांधकाम तीस वर्षांहून जास्त चाललं आणि १८८० साली ते पुरं झालं, म्हणजे तुम्ही १८७७ मध्ये बिशप झालात त्यानंतर. १८९१ साली कोडैकानलला तुम्ही देह ठेवलात, तेव्हा डोंगर उतरवून तुम्हाला इथेच आणलं. इतक्या वर्षांच्या वस्तीनंतर दुसरं कुठे नेणार होते? आत गारवा होता. एक म्हातारबाबा ओणवे होऊन फरशी पुसत होते. मी कुठून आले ते त्यांनी विचारलं, मी तमिळमध्येच सांगितलं, तेव्हा हातातलं फडकं खाली ठेवून ते उठले आणि तुमची समाधी दाखवायला पुढे झाले.

परत आले तेव्हा आक्का पायरीवर बसल्या होत्या. शुक्रवार होता. म्हणाल्या, “नाम पोगलाम, वा.” आपण जाऊ, चल. मी पर्स तशीच खांद्याला ठेवून निघाले.

तुमच्या पत्नी एलायझाबाईंनाही माझा नमस्कार सांगा. नागरकोइलच्या मिशनऱ्याची ही मुलगी लहानपणापासून तमिळ ऐकत वाढलेली. इडैयनकुडीच्या मुलींना त्यांनी शाळेत बसवलं, लेस विणायला शिकवलं, हातात चार पैसे येतील असं केलं. पुस्तकावर नाव तुमचं एकट्याचं आहे. पण घरात रोजची तमिळ त्यांच्या तोंडून तुमच्या कानावर पडत असणार, म्हणून या आभारांतला अर्धा वाटा त्यांचा.

कळावे,
आपली नम्र,
चंद्रपूरची एक बँक कर्मचारी
मुक्काम तिरुनेलवेली