एक बोट तुमच्या ओठावर, एक माझ्या

आदरणीय काकींस,
सा. न. वि. वि.

आभार तोंडावर मानले की तुम्ही "पुरे गो आता" म्हणत उठून आत जाता, हे आपल्या वाडीत सर्वांना ठाऊक आहे. म्हणून या वेळी ते लिहून, आणि तेही चारचौघांसमोर मानायचे मी ठरवले आहे. तुमचे नाव येथे घालत नाही. वेंगुर्ल्याच्या बाजूला ज्यांनी कधी ना कधी तुमच्या हातचे इंजेक्शन घेतले आहे त्यांना ते न सांगताही कळेल, आणि बाकीच्यांना कळण्याची गरज नाही.

मे महिन्याच्या सुटीत शहरात जाऊन मी ओठांत फिलर, म्हणजे ओठ भरीव दिसण्यासाठी सुईने टोचतात ते जेल, भरून घेतले. का घेतले, हा माझा प्रश्न आहे आणि त्याचे उत्तर या पत्रात नाही. तुम्हीही ते विचारले नव्हते. घरी परतून झोपले आणि सकाळी उठले, तेव्हा वरचा ओठ नाकाला टेकतो की काय असे वाटत होते. उजवी बाजू डावीपेक्षा ठळकपणे मोठी दिसत होती आणि चहाचा कप तोंडाशी नेला तर आपला ओठ कुठे संपतो आणि कप कुठे सुरू होतो, याचा पत्ता लागत नव्हता. घरात लग्नाची पाहुणेमंडळी होती. मे महिन्यात आपल्याकडे कोणाचाही ओठ सुजला की पहिला संशय आंब्याच्या चिकावर जातो, दुसरा काजूच्या चिकावर आणि तिसरा गांधीलमाशीवर. त्या तिन्हींची चर्चा माझ्या डोक्यावरून झाली आणि एका मावशीने तर कोकमतेलाचा गोळा निखाऱ्यावर कोमट करून ओठांना चोळायची तयारीही केली. भेगाळलेल्या टाचेसाठी आणि फुटलेल्या ओठांसाठी त्या तेलासारखे दुसरे औषध नाही, हे मलाही मान्य आहे. परंतु नुकत्याच टोचलेल्या, आतून ठणकणाऱ्या ओठाला कोणी ऊब देऊन चोळावे, या कल्पनेनेच माझ्या डोळ्यांत पाणी आले.

ज्यांनी सुया टोचल्या त्यांच्याविषयी थोडेसे लिहिले पाहिजे, कारण त्यांच्याशिवाय तुमचे मोल नीट मांडता येणार नाही. पैसे घेताना त्या दवाखान्यातील प्रत्येक जण मराठीत, अत्यंत अदबीने बोलत होता. निघताना मात्र गुळगुळीत कागदावर छापलेले एक इंग्रजी पत्रक हातात ठेवण्यात आले. त्यात सौना आणि स्टीम बाथ टाळावा असे लिहिले होते. आपल्या किनाऱ्यावर मे महिन्यात त्यासाठी वेगळे पैसे मोजावे लागत नाहीत, हे लिहिणाऱ्याला कोणी सांगितले नसावे. सकाळी मी फोन केला, तेव्हा स्वागतकक्षातील मुलीने "नॉर्मल आहे मॅडम" एवढेच सांगितले. किती सूज नॉर्मल, किती वेळ नॉर्मल आणि कोणत्या क्षणी ती नॉर्मल राहत नाही, यातले काहीही तिला सांगता येत नव्हते. डॉक्टर दुसऱ्या शाखेत असल्याचे कळले. त्या मुलीवर माझा राग नाही. तिच्या हाती तेवढेच एक वाक्य देऊन तिला फोनपाशी बसवणाऱ्यांवर आहे.

तुम्ही आलात ते लग्नघरातल्या कुठल्याशा कामासाठी, माझ्यासाठी नव्हे. मला पाहून तुमच्या चेहऱ्यावरची एक रेषसुद्धा हलली नाही. तुम्ही मागच्या खोलीचे दार लोटून घेतलेत, साबणाने कोपरापर्यंत हात धुतलेत आणि भिंतीवरचा लहान आरसा काढून माझ्या हातात दिलात. नंतर माझ्या ओठाला हात लावण्याआधी तुम्ही डाव्या हाताच्या तर्जनीने स्वतःचा खालचा ओठ दाबलात, सोडलात आणि "हे बघ" म्हणालात. दाबलेल्या जागी तुमचा ओठ पांढुरका झाला आणि बोट उचलताच पुन्हा गुलाबी झाला. मग तेच डावे बोट तुमच्या ओठावर आणि धुतलेल्या उजव्या हाताचे बोट माझ्या ओठावर, असे दोन्हीकडे एकदम, अगदी हलके दाबून तुम्ही एकदम सोडलेत. आरशात मला दोन ओठ दिसले, एक साठी उलटलेल्या बाईचा आणि एक माझा सुजलेला. दोन्हींचा रंग सारख्याच वेळात परत आला. वरचा ओठ, खालचा ओठ, दोन्ही कोपरे, सगळीकडे तुम्ही तसेच करून पाहिलेत, आणि आरसा शेवटपर्यंत माझ्याच हातात ठेवलात.

काकी, नर्सिंगच्या पहिल्या वर्षाला शिकवतात ती ही साधी तपासणी, हे मला पुढे कळले. दाबलेल्या जागी दोनएक सेकंदांत रक्त परत आले तर तेथला रक्तपुरवठा चालू आहे असे समजतात. तुम्ही ती माझ्यावर गुपचूप करून "ठीक आहे" म्हणाला असता, तरी माझी तब्येत तेवढीच ठीक राहिली असती. पण तुम्ही ती आधी स्वतःवर केलीत. त्या घटकेपर्यंत मी घरात एक तमाशा होऊन बसले होते. तुमच्या त्या बोटाने मला पुन्हा तुमच्यासारखाच ओठ असलेली एक बाई केले. माझे रडे तेव्हाच थांबले, ओठ तर पुढे बराच काळ सुजलेलाच होता.

त्यानंतर तुम्ही जे बोललात तेही मी विसरणार नाही. "ह्या नव्या सुयांतला माका काय कळत नाय, पण सूज माका कळता." एवढी वर्षे रुग्णालयात काढलेल्या बाईने आपल्याला काय येत नाही हे आधी सांगावे, आणि ज्यांना सगळे येते म्हणून जाहिरात आहे त्यांनी फोनवर एकाच वाक्यामागे लपावे, हा फरक मला त्या दिवशी फार बोचला. तुम्ही विचारलेत की आत नेमके काय भरले आहे. मला ठाऊक नव्हते. कोणी सांगितले नव्हते, डबीवरचे लेबलही दिले नव्हते. तुमच्या आग्रहावरून पुन्हा फोन लावला, तेव्हा एखादे गुपित फोडावे तशा आवाजात हायल्युरॉनिक ॲसिडच्या जेलचे नाव सांगण्यात आले. ते विचारणे किती आवश्यक होते, हे तुम्ही कुडाळच्या त्वचारोगतज्ज्ञांशी माझ्यासमोरच फोनवर बोललात तेव्हा उमगले. रक्तवाहिनी बंद पडण्याचा प्रसंग आलाच तर ते जेल विरघळवणारे हायल्युरॉनिडेज नावाचे औषध टोचता येते, पण ते याच पदार्थावर चालते, दुसऱ्या कशावर नाही. हा पदार्थ मुळात आपल्याच शरीरात असतो आणि पाणी धरून ठेवणे हा त्याचा स्वभाव आहे. सुयांच्या इजेने येणारी सूज आणि त्यात हे पाणी, म्हणून पहिल्या एक-दोन दिवसांत ओठ वाढतच जातात आणि मग उतरू लागतात, असे डॉक्टरांनी सांगितले. दोन बाजू कमी-जास्त सुजल्या म्हणून घाबरू नये आणि दोन आठवडे होईपर्यंत आकाराविषयी मत बनवू नये, हेही त्यांनीच सांगितले. मला कोणी हे एक वाक्य आदल्या दिवशी सांगितले असते, तर मी आरशासमोर बसून ओठांची मोजमापे घेत बसले नसते.

बर्फाची गोष्ट तर सांगितलीच पाहिजे. वळवाच्या पावसाने वीज गेली होती आणि फ्रीजमधल्या बर्फाचे पाणी झाले होते. माझा भाचा मोटारसायकलवरून बंदरावर गेला आणि मासे भरायचा बर्फ घेऊन आला. तुम्ही त्या बर्फाकडे पाहून "हो सुरमईचो" एवढेच म्हणालात. तरी तो फेकून दिला नाहीत. दोन पिशव्यांत घट्ट बांधून, वर धुतलेल्या मलमलीच्या तुकड्याची दुहेरी घडी गुंडाळून तुम्ही तो माझ्या हाती दिलात आणि दाबायचा नाही, नुसता टेकवायचा, दहा मिनिटांनी काढायचा, असे बजावलेत. त्याआधी रंगाची तपासणी का केलीत, तेही समजावून सांगितलेत: ओठ फिकट पडत असेल तर गारव्याने रक्तवाहिन्या आणखी आकसतात, तेव्हा बर्फ चालत नाही, तेव्हा थेट डॉक्टर गाठायचा. पत्रकात बर्फाचा उल्लेख होता, या "जर"चा नव्हता.

उरलेल्या सूचना तुम्ही आपल्या घरातल्या भाषेत केल्यात. चुलीसमोर बसायचे नाही. दुपारी अंगणात सांडगे राखायला जायचे नाही. डोक्याखाली तीन उशा घ्यायच्या, म्हणजे रात्री ओठांत पाणी साचणार नाही आणि सकाळी तोंड कमी फुगलेले असेल. ओठ चोळायचे नाहीत, कोणी कितीही प्रेमाने चोळायला आले तरी. येथे तुम्ही मावशीकडे पाहिलेत आणि कोकमतेलाचा गोळा मुकाट्याने डब्यात परत गेला. दुखलेच तर पॅरासिटामॉल, वडिलांच्या डब्यातली ॲस्पिरिन किंवा पाहुण्यांच्या पिशवीतली आयबुप्रोफेन नको, कारण त्यांनी काळेनिळेपणा वाढतो. ताप आल्यावर ओठावर पुळ्या उठण्याची सवय आहे का, असेही तुम्ही विचारलेत. सुयांमुळे त्या पुन्हा उठू शकतात आणि तसे झाले तर डॉक्टरांकडून गोळ्या घ्याव्या लागतात, असा त्याचा खुलासा केलात.

संध्याकाळी तुमच्या घरून उकड्या तांदळाची पेज आली, थंड केलेली, मीठ न घातलेली, सोबत लहान चमचा. लग्नघरात वाट्या भरून लोणची आणि सुक्या बांगड्याची किसमूर फिरत असताना माझ्यासाठी कोणीतरी आठवणीने अळणी पेज ठेवली होती. मिठाने अंगात पाणी धरते आणि तिखटाने ओठ भाजतात, एवढेच कारण तुम्ही निरोपात कळवले होते. शहाळ्याचे पाणीही भांड्यात ओतून दिले होते, नळी न लावता, म्हणजे ओठांना ओढ बसू नये. चवीच्या दृष्टीने ती पेज कशी होती, याविषयी मी मौन पाळते.

रात्री झोपण्यापूर्वी तुम्ही पुन्हा आलात आणि कोणत्या गोष्टीला सकाळची वाट पाहायची नाही ते सांगितलेत: ओठ किंवा त्याच्या वरची कातडी पांढरी पडली, निळसर झाली, जाळी विणल्यासारखे डाग उठले, असह्य दुखू लागले, नजरेत काही फरक पडला, तर लगेच निघायचे, आणि जीभ किंवा घसा सुजून श्वास लागला, तर घरातल्या कोणाची परवानगीही मागत बसायची नाही. काही दिवसांनी लाली, ऊब, पू किंवा ताप आल्यास तो जंतुसंसर्ग समजून दाखवायला जायचे. शहरातल्या माणसाला ही यादी वाचून सोडून देता येते, कारण त्याच्या गल्लीच्या तोंडाशी दवाखाना असतो. आपल्याला कुडाळ गाठायचे, तेथे भागले नाही तर पत्रादेवीची सीमा ओलांडून गोव्यातल्या बांबोळीच्या मोठ्या रुग्णालयात जायचे. रस्त्यात पडलेले झाड असले तर किती वेळ लागेल ते देवाला ठाऊक. म्हणूनच तुम्ही यादीवर थांबला नाहीत, तर रिक्षावाल्या शेजाऱ्याला रिक्षा आमच्या घाटीपाशी उभी करून ठेवायला आणि टाकी भरून घ्यायला सांगून ठेवलेत. तिची गरज पडली नाही. दुसऱ्या दिवशी सूज थोडी आणखी चढली, मग उतरत गेली. शाळा उघडली तेव्हा पोरांच्या लक्षातही काही आले नाही, किंवा आले असल्यास त्यांनी ते शहाणपणाने स्वतःपाशी ठेवले.

नोकरीत असताना तुम्ही दारू पिऊन माडावरून पडलेल्याला, मारामारीत डोके फुटलेल्याला आणि सासरी विष प्यालेल्या सुनेला "कुठे दुखता?" हेच विचारत असाल, आणि तेही एकाच आवाजात, असे मला आता खात्रीने वाटते. ज्याला आपण वरवरची हौस म्हणतो, तिच्यातून आलेल्या दुखण्यालाही तोच आवाज देणे सर्वांना जमत नाही. आमच्या घरातल्या चार शिकल्यासवरल्या माणसांना जमले नाही, "हे करायची गरज काय होती?" हा प्रश्न मला त्या दिवशी इतक्या जणांनी विचारला की बर्फ कोणी आणून देईल का, हे विचारायला मधे जागाच सापडेना. प्रश्न अयोग्य नसेलही, पण त्याची वेळ ती नव्हती. तुमच्यासारखी माणसे प्रत्येक वाडीत असतात म्हणून आपला किनारा चालतो, असे मला वाटते. त्यांना पगार नसतो, पाटी नसते आणि फोन मात्र ती पहिल्या घंटेला उचलतात.

आता एक विनंती. तुम्ही सांगितलेले सगळे मी मराठीत एका पानावर उतरवले आहे आणि कुडाळच्या डॉक्टरांनी ते तपासून दिले आहे. त्याची एक प्रत त्या शहरातल्या दवाखान्याला पाठवणार आहे. त्यांच्याकडे आपल्या बाजूच्या मुली जातात, त्यांना निदान वाचता येईल असे काहीतरी हाती पडावे. मिठाच्या ओळीत "सुके मासे, लोणचे, पापड" असे लिहिले आहे; सोलकढी त्यात घालावी की नाही, यावर घरात दोन तट पडले आहेत आणि निर्णय तुमच्यावर सोपवला आहे. बर्फाच्या ओळीत सुरमई घातलेली नाही. रविवारी दुपारनंतर मसुदा घेऊन येते, तेव्हा कृपया उठून आत जाऊ नये.

आपली कृपाभिलाषी,
वरच्या घरातली मास्तरीण