खुर्दा

बाळा,

परवा व्हिडिओ कॉलवर तू घाईत होतास आणि जे बोलायचं होतं ते राहूनच गेलं, म्हणून टाइप करत बसलेय. बाबा झोपलेत. शुद्धलेखनाच्या चुका काढू नकोस.

तू वॉशिंग्टनहून त्या काळ्या भिंतीचा फोटो पाठवलास ना, व्हिएतनाम वॉरवाली, खाली लिहिलंस मेलेल्या अमेरिकन सैनिकांची 58 हजारांवर नावं आहेत आई, वाचून संपत नाहीत. तो फोटो आला तेव्हा आम्ही कुठे होतो माहितीये? सायगावात, बसमध्ये. आता हो ची मिन्ह सिटी म्हणायचं पण तिथले लोक पण सायगावच म्हणतात. आमचा सगळा रिटायर्ड बँकवाल्यांचा ग्रुप, निम्म्यांची गुडघेदुखी, थेपले आणि लोणचं सोबत, आणि माझ्या मोबाइलवर तुझी भिंत. तो ग्रॅनाइट बंगलोरकडचा आहे बरं का, आपल्याकडनं गेलेला दगड, मी घरी येऊन वाचलं. आणि डिझाइन केलं ती माया लिन तेव्हा 21 वर्षांची, कॉलेजात शिकत होती.

मग मी कॉलवर विचारलं की व्हिएतनामची किती माणसं मेली रे, तर तू म्हणालास, मिलियन्समध्ये असतील, नक्की कुणाला माहीत. तू सहज म्हणालास, रागावले नाहीये. पण 34 वर्षं कॅश काउंटरवर बसलेली बाई मी, दहा रुपये कमी आले तर रात्री आठपर्यंत टॅली करत बसायचो आम्ही. एका बाजूला शेवटच्या पोरापर्यंत नाव कोरलेलं आणि दुसऱ्या बाजूला "असतील", हे मला पचेना.

आजोबा पानिपतच्या निरोपाची गोष्ट सांगायचे ते आठवतं का तुला? दोन मोती गळाले, सत्तावीस मोहरा हरवल्या, रुपये आणि खुर्दा किती गेला त्याची गणती नाही. लहान होते तेव्हा मला मोत्यांचं वाईट वाटायचं. बँकेत लागल्यावर खुर्दा म्हणजे काय ते कळलं, पोतीच्या पोती यायची चिल्लर, आणि ती मोजायला कुणीच तयार नसायचं.

व्हिएतनाम सरकारने 1995 ला आकडा सांगितला, सामान्य लोक 20 लाख आणि त्यांच्या बाजूचे लढणारे 11 लाख. दक्षिणेचे, म्हणजे अमेरिकेच्या बाजूने लढलेले व्हिएतनामी सैनिक, ते दोन लाखांच्या वर गेले, ते वेगळेच. सगळे गोल आकडे. कॅशियरला गोल आकडा दिसला की समजतं, इथे मोजलेलं नाही, अंदाज धरलाय.

आणि गंमत बघ, गंमत कसली म्हणा, मोजत होते की! त्या युद्धात मोजण्याचंच तर वेड होतं. तिथे सरळ आघाडी नव्हती, हे गाव घेतलं ते शहर घेतलं असं सांगता येईना, आणि डिफेन्स सेक्रेटरी मॅकनमारा आकड्यांचा माणूस, फोर्ड कंपनीतून आलेला. मग जिंकतोय की हरतोय हे ठरवायला रोज मेलेल्या शत्रूंची संख्या वर पाठवायची, बॉडी काउंट. त्यावर अधिकाऱ्यांची प्रमोशनं. वाचलं आणि मला एकदम आमचा मार्च एंडिंग आठवला. वरून टार्गेट यायचं, इतकी नवी खाती 31 पर्यंत, मग काय, झाली खाती! शिपायाच्या नावाने, त्याच्या बायकोच्या, मेहुण्याच्या, झिरो बॅलन्स, आणि आम्हाला सर्टिफिकेट. मीही काढलीत, खोटं कशाला बोलू. टार्गेट दिलं की आकडा येतोच रे. आमच्याकडे पासबुकं वाया गेली, तिथे शेतात पळणारा माणूस मारला की तो व्हिएतकाँगच (दक्षिणेतले कम्युनिस्ट गनिमी) धरायचे, मेलाय आणि व्हिएतनामी आहे ना मग झालं.

16 मार्च 1968, माय लाय नावाचं गाव. अमेरिकन तुकडीचा पहिला रिपोर्ट गेला की 128 शत्रू मारले, 3 बंदुका मिळाल्या. 128 माणसं आणि 3 बंदुका! हे व्हाउचर आमच्या ब्रँचमधल्या नवशिक्या पोरीनेसुद्धा पास केलं नसतं. बायका, म्हातारे, तान्ही पोरं होती ती. अमेरिकन चौकशीत 347 आले आणि गावातल्या स्मारकावर 504 नावं आहेत. तिथल्या लोकांनी मात्र मोजलं, बाळांसकट. ह्यू थॉम्पसन नावाचा एक अमेरिकन पायलट होता, त्याने आपलं हेलिकॉप्टर त्यांच्याच सैनिकांच्या आणि गावकऱ्यांच्या मधे उतरवलं आणि काही जणांना वाचवलं, तेवढं एक. शिक्षा त्या तुकडीतल्या एकट्या लेफ्टनंट कॅलीला झाली, जन्मठेप, आणि तोही बराचसा काळ स्वतःच्या क्वार्टरमध्येच नजरकैदेत राहून काही वर्षांत सुटला.

एवढ्यावर थांबलं नाही. पुढच्या हिवाळ्यात मेकाँग नदीच्या खोऱ्यात अमेरिकन सैन्याची मोहीम, ऑपरेशन स्पीडी एक्स्प्रेस, सहा महिने. शत्रू मारले 10,899. बंदुका सापडल्या 748. मी हे दोन आकडे कागदावर लिहून कितीतरी वेळ बघत बसले होते, बाबांनी विचारलं पण कसला हिशोब चाललाय.

म्युझियममध्ये एजंट ऑरेंजचे फोटो आहेत, ती झाडं वाळवायची फवारणी, 1961 ते 71. मी अर्ध्यातून बाहेर आले. युद्धात व्हिएतकाँग लपायचे त्या कु चीच्या भुयारांकडे जाताना बस एका वर्कशॉपला थांबते, तिथे अपंग मुलं लाखेचे ट्रे बनवतात, एक आणलाय, तुझ्याकडे पाठवीन. आणि भुयारांपाशी शूटिंग रेंज! गोळीमागे पैसे द्यायचे आणि एके 47 चालवायची. आमच्यातल्या चौघांनी चालवली, फोटो काढले, मी बसमध्ये जाऊन बसले. हेही सांगते, त्याच 1968 ला ह्युए शहरात कम्युनिस्टांनी लोकांना धरून नेऊन मारलं, हजारोंनी, खड्ड्यांतून प्रेतं निघाली. त्याचं तिथे मला काही दिसलं नाही. त्यांच्या लेजरमध्येपण कोरी पानं आहेतच.

बेपत्ता लोकांचं तर विचारू नकोस. आमच्या भाषेत सस्पेन्स अकाउंट, ना जमा ना खर्च. युद्ध संपलं तेव्हा अमेरिकेचे साधारण 2,600 सापडत नव्हते, अजून दीड हजारांवर आहेत आणि आजही टीम जाऊन माती चाळतात, एक दात मिळाला तरी घरी नेतात. चांगलंच आहे. व्हिएतनामचे असे लाखांत आहेत.

आता ज्याच्यासाठी लिहायला बसले ते. 1 डिसेंबर 1969 ला अमेरिकेत टीव्हीवर लॉटरी काढली, सैन्यात कुणाला आधी न्यायचं याची. काचेच्या बरणीत 366 निळ्या कॅप्सूल, आत जन्मतारखा. पहिली निघाली 14 सप्टेंबर.

तुझी तारीख. मी चष्मा पुसून परत वाचलं. घराघरात आया टीव्हीपुढे बसल्या असतील, आणि कुणाच्या तरी पोराचा नंबर पहिला लागला, नुसता त्या दिवशी जन्मला म्हणून. त्या रात्री मी तुला उगाचच फोन केलेला, जेवलास का विचारायला, तू म्हणालास आई इथे दुपार आहे.

भिंतीवरची नावं तारखेनुसार आहेत ना, ए बी सी डी नाही. पुढच्या वेळी गेलास की मार्च 1968 च्या मधल्या दिवसांपाशी थांब आणि फोटो पाठव, त्या आठवड्यातली पोरं कोण होती ती मला वाचायचीयत. नीट काढ पण. मागच्या फोटोत दगडात तूच दिसतोयस, मोबाइल धरलेला, आणि नावं तुझ्या शर्टावर आलीयत.

बाबांची शुगर कंट्रोलमध्ये आहे. ट्रेचं पार्सल तुझ्या मित्राबरोबर देते.

आई