काल्पनिक ग्रंथाचे स्पष्ट लेबल हवे

महोदय,

ऑनलाइन पुस्तकविक्रीत 'नेक्रोनॉमिकॉन' या नावाची पुस्तके प्राचीन विधींचा पवित्र ग्रंथ म्हणून विकली जातात, त्याबद्दल हे पत्र. हा ग्रंथ मुळात अस्तित्वातच नव्हता. अमेरिकन भयकथाकार एच. पी. लव्हक्राफ्ट (1890-1937) यांनी तो आपल्या कथांसाठी कल्पिला आणि 1927 साली त्याचा एक बनावट इतिहासही लिहिला. आठव्या शतकात दमास्कसमध्ये एका अरबी कवीने केलेली रचना, पुढे तिची ग्रीक आणि लॅटिन भाषांतरे, मग पोपने घातलेली बंदी आणि मोजक्या ग्रंथालयांत जपलेल्या प्रती, हे सारे त्यांनी इतक्या तपशिलाने रचले की ते खरेच वाटावे. त्यांच्या प्रतिभेचे मला मनापासून कौतुक वाटते, आणि हा ग्रंथ आपणच निर्माण केला आहे हे ते पत्रांतून मोकळेपणाने सांगत, हेही नोंदवले पाहिजे.

प्रश्न नंतरच्या प्रकाशकांचा आहे. 1977 साली न्यूयॉर्कमध्ये याच नावाने एक पुस्तक निघाले. त्यात प्राचीन मेसोपोटेमियातील (आजच्या इराकमधील) सुमेरी व बाबिलोनी देवतांची नावे गुंफून मंत्र आणि विधी दिले होते, आणि ते जुन्या हस्तलिखिताचे भाषांतर असल्याचा दावाही होता. मेसोपोटेमियाच्या खऱ्या मृत्तिकापट्टिका, म्हणजे मजकूर कोरलेल्या मातीच्या पाट्या, अभ्यासकांनी कष्टाने वाचल्या आहेत. त्यांच्या शेजारी असा दावा तपासाविना उभा राहणे अन्यायाचे आहे. विक्रेत्यांनी आणि ग्रंथालयांनी अशा पुस्तकांच्या नोंदीत मूळ ग्रंथ काल्पनिक असल्याचे ठळकपणे लिहावे, ही विनंती.

आपला,
एक वाचक, पुणे